तडजोड अपिलात, नोंद सातबाऱ्यावर

शेतजमिनीच्या दाव्यात खालच्या कोर्टाचा निकाल लागला की वाद मिटला, असे क्वचितच घडते. हरलेली बाजू अपिलात जाते, जिंकलेल्या बाजूची अंमलबजावणीची दरखास्त स्थगितीत अडकते आणि जमीन आणखी काही वर्षे वादातच राहते. मात्र अपील चालू असतानाही पक्षकारांना आपसांत तडजोड करता येते. ती कायद्याने सांगितलेल्या रीतीने न्यायालयापुढे आली, तर न्यायालय तिच्यावरून हुकूमनामा करते आणि त्याची अंमलबजावणी लढून मिळवलेल्या हुकूमनाम्यासारखीच होते. अशी तडजोड केव्हा करता येते, कागदावर काय यावे लागते, सह्या कोणाच्या लागतात आणि ती सातबाऱ्यापर्यंत कशी पोचते, यावरच तिचे टिकणे अवलंबून असते.

चाकूरहून अपील कुठे जाते

लातूर जिल्ह्यातील चाकूर येथे दिवाणी न्यायालय, कनिष्ठ स्तर, आहे. तेथे चालतो तो नियमित दिवाणी दावा. त्याच्या निकालाने नाराज झालेल्या पक्षकाराला दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या कलम ९६ खाली जिल्हा न्यायालयात नियमित दिवाणी अपील करता येते. त्याची मुदत ३० दिवसांची असते. या पहिल्या अपिलात साक्षीपुरावा आणि कायदा दोन्ही नव्याने तपासले जातात. तेथेही समाधान झाले नाही, तर कलम १०० खाली उच्च न्यायालयात दुसरे अपील असते. पण ते कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न उभा राहत असेल तरच चालते आणि त्याची मुदत ९० दिवस आहे. मराठवाड्यातली दुसरी अपिले मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाकडे जातात. हे खंडपीठ १९८१ मध्ये सुरू झाले. त्यामुळे मुंबईची वारी टळली, तरी चाकूरच्या शेतकऱ्याला छत्रपती संभाजीनगर गाठायला तीनशेच्या आसपास किलोमीटर जावे लागते.

यांपैकी कोणत्याही टप्प्यावर तडजोड होऊ शकते. मूळ दावा चालवणाऱ्या न्यायालयाला जे अधिकार असतात तेच अपील न्यायालयालाही आहेत, असे कलम १०७ सांगते. म्हणून आदेश २३, नियम ३ मधील तडजोडीची तरतूद अपिलालाही लागू पडते.

निकालात न मावणारे प्रश्न

मराठवाडा १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. इथल्या जमिनींच्या वादात त्यामुळे जुन्या उर्दू नोंदी आणि १९५४-५५ चे खासरा पाहणी पत्रक यांवर बराच खल होतो. कूळ, इनाम, दत्तक, तोंडी वाटणी असे प्रश्न दोन-तीन पिढ्या मागे जातात. तोंडी वाटणीप्रमाणे भावांच्या वहिवाटी वेगळ्या झालेल्या असतात, पण सातबारा सामाईकच राहिलेला असतो. एखादा भाऊ मोजणी मागतो किंवा बहीण हिस्सा मागते आणि दावा उभा राहतो.

न्यायालयाचा निकाल हिस्सा ठरवतो. शेती कशी चालायची हे तो सहसा ठरवत नाही. उदाहरणादाखल सहा एकर वडिलोपार्जित जमीन, एक विहीर, दोन भाऊ आणि एक बहीण असे कुटुंब घेता येईल. खालच्या कोर्टाने तिघांना प्रत्येकी एक तृतीयांश हिस्सा दिला आणि थोरल्या भावाने अपील केले. अपील फेटाळले गेले तरी विहीर कोणाच्या वाट्याला, पाण्याची पाळी कशी, मागच्या तुकड्यात गाडीबैल किंवा ट्रॅक्टर कुठून जाणार, धुऱ्यावरची झाडे कोणाची आणि अपिलाच्या काळात जो एकटाच सोयाबीन-तूर घेत राहिला त्याने हिशेब द्यायचा की नाही, हे प्रश्न उरतातच. लातूर जिल्ह्यात पाण्याचे मोल वेगळे सांगायला नको. २०१६ च्या टंचाईत मिरजेहून रेल्वेने लातूरला पाणी आणावे लागले होते. अशा भागात विहिरीची पाळी एकराच्या हिशेबाइतकीच महत्त्वाची ठरते.

तडजोडीत हे सगळे मांडता येते. विहिरीकडचा तुकडा थोरल्याने घ्यावा, रस्त्याकडचा धाकट्याने, बहिणीने मधला तुकडा किंवा त्याऐवजी ठरलेली रक्कम घ्यावी, विहिरीच्या पाळ्या आठवड्याच्या वारांनी वाटाव्यात, पाणंदीपासून ठरावीक रुंदीचा रस्ता कायम मोकळा ठेवावा, अशा अटी घालता येतात. १९७६ च्या दुरुस्तीने नियम ३ ची भाषा रुंद झाली. दाव्यातल्या विषयाबाहेरची बाबही, ती त्याच पक्षकारांशी संबंधित असेल तर, तडजोडीच्या हुकूमनाम्यात येऊ शकते. त्यामुळे शेतीच्या दाव्याबरोबर गावातल्या वाड्याचा किंवा प्लॉटचा वादही एकाच कागदात संपवता येतो. मात्र दाव्याबाहेरच्या स्थावर मिळकतीला नोंदणीचा वेगळा नियम लागतो.

तोंडी शब्द चालत नाही

नियम ३ प्रमाणे तडजोड कायदेशीर, लेखी आणि पक्षकारांच्या सहीची असावी लागते. लेखी आणि सही हे शब्द १९७६ च्या दुरुस्तीने आले. ‘गुरप्रीत सिंग विरुद्ध चतुर्भुज गोयल’ या १९८७ च्या निवाड्यात त्यांचे वजन स्पष्ट झाले. चंडीगढमधील एका घराच्या व्यवहाराचे अपील पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयात चालू असताना मिटवण्याची बोलणी कोर्टासमोरच झाली होती, पण सह्यांचा करार झाला नव्हता. नंतर एका बाजूने माघार घेतली. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, लेखी आणि सहीचा करार नसेल तर नियम ३ खाली तडजोड नोंदवता येत नाही.

प्रत्यक्षात पक्षकार तडजोडीची पुरसिस किंवा तडजोडनामा दाखल करतात. त्यात अपिलाचा आणि मूळ दाव्याचा क्रमांक, गट नंबर, क्षेत्र, आकार आणि चतुःसीमा येतात. कोणाला कोणत्या दिशेचा तुकडा, रक्कम किती, कोणत्या तारखेपर्यंत आणि न दिल्यास काय, ताबा कधी द्यायचा, खर्च कोणी सोसायचा, हेही लिहावे लागते. भूमी अभिलेख कार्यालयाची मोजणी आधी करून नकाशा तडजोडनाम्याला जोडला, तर ‘पूर्वेकडील दोन एकर’ म्हणजे नेमके कोणते, हा पुढचा वाद उद्भवत नाही.

पुरसिस आल्यावर न्यायाधीश पक्षकारांना समोर बोलावून मजकूर समजला का, सही स्वखुशीने केली का, कोणाचा दबाव आहे का, हे विचारतात. ओळख वकील पटवतात. वकिलाने पक्षकाराच्या वतीने केलेली सही मुळीच चालत नाही असे नाही. मुंबईतून गेलेल्या ‘बायराम पेस्तनजी गारीवाला’ प्रकरणात १९९१ साली सर्वोच्च न्यायालयाने अधिकार असलेल्या वकिलाची सही मान्य केली. पण पक्षकाराच्या स्पष्ट सूचनेशिवाय वकिलाने तडजोड करू नये, असेही त्याच न्यायालयाने २०१५ मध्ये बजावले. म्हणून पक्षकाराने स्वतः सही करणे सर्वांत सुरक्षित. निरक्षर पक्षकाराचा अंगठा घेताना मजकूर वाचून दाखवल्याची नोंद ठेवली जाते.

तडजोड झाली की नाही यावरच वाद निघाला, तर तो प्रश्न त्याच न्यायालयाने ठरवायचा असतो. समाधान झाल्यावर न्यायालय तडजोड नोंदवते आणि तिच्याप्रमाणे अपील निकाली काढते. त्यानंतर खालच्या कोर्टाच्या हुकूमनाम्याची जागा अपील न्यायालयाचा हुकूमनामा घेतो.

सह्या कोणाच्या

वाटपाच्या वादात सर्व हिस्सेदारांची सही नसणे हा तडजोडीतला सर्वांत मोठा दोष असतो. ओडिशातील एका वाटपाच्या प्रकरणात एका बहिणीने भावाशी परस्पर करार केला होता, दुसरीची संमती नव्हती. २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अशी तडजोड नियम ३ मध्ये बसत नाही, असे ठरवले.

बहिणींचा हक्क आता वादाचा विषय उरलेला नाही. महाराष्ट्राने १९९४ मध्येच हिंदू उत्तराधिकार कायद्यात दुरुस्ती करून मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत सहहिस्सेदार केले; केंद्राची दुरुस्ती ९ सप्टेंबर २००५ ला आली. त्या दिवशी वडील हयात असणे आवश्यक नाही, हे ‘विनीता शर्मा’ निवाड्याने २०२० मध्ये स्पष्ट केले. बहिणीला हिस्सा सोडायचा असेल तर तो तिने सोडावा, पण तिला अपिलात पक्षकार करून, तिची सही घेऊनच. ‘साडीचोळी देऊन तिचे समाधान केले आहे’ हे गावात सांगितलेले वाक्य न्यायालयात हक्कसोड ठरत नाही. कोणाही स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असले, तरी विधी सेवा प्राधिकरण कायद्याखाली मोफत वकील मिळू शकतो. त्यासाठी तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करता येतो.

अज्ञान मुलाचा हिस्सा असेल तर आदेश ३२, नियम ७ प्रमाणे न्यायालयाची आगाऊ परवानगी लागते. तडजोड मुलाच्या हिताची आहे, असे पालकाचे शपथपत्र आणि वकील नेमलेला असल्यास त्याचे प्रमाणपत्र द्यावे लागते. परवानगी नसेल तर ती तडजोड मुलाला रद्द करून घेता येते. इतरांना मात्र ती मोडता येत नाही.

अपिले लांबतात, तसे पक्षकार मरण पावतात. मृताचे वारस ९० दिवसांत रेकॉर्डवर आणावे लागतात, नाहीतर त्याच्यापुरते अपील संपुष्टात येते. वारस लावल्याशिवाय केलेली तडजोड त्यांच्यावर बंधनकारक ठरत नाही. दावा चालू असताना कोणी आपला हिस्सा विकला असेल, तर मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ प्रमाणे खरेदीदार निकालाला बांधील असतो. तरी त्यालाही तडजोडीत घेतल्यास पुढचा तंटा वाचतो, कारण त्याला अंधारात ठेवून केलेली तडजोड संगनमताची म्हणून आव्हानित होऊ शकते.

कायदा ज्याला आड येतो

पक्षकार राजी आहेत एवढ्यावर न्यायालय सही करत नाही. भारतीय करार कायदा, १८७२ प्रमाणे जो करार शून्य किंवा रद्द होण्याजोगा असेल, तो नियम ३ च्या दृष्टीने कायदेशीर नसतो. मराठवाड्यात हा मुद्दा तीन ठिकाणी हमखास येतो.

पहिले म्हणजे भोगवटादार वर्ग २ च्या जमिनी. कुळाला मिळालेल्या, इनामातून पुन्हा दिलेल्या किंवा शासनाने वाटप केलेल्या अनेक जमिनींच्या हस्तांतरणाला सक्षम अधिकाऱ्याची परवानगी लागते. दुसरे, आदिवासी खातेदाराची जमीन बिगर आदिवासीकडे जाण्यावर असलेले निर्बंध. तिसरे, तुकडेबंदी. महाराष्ट्रात १९४७ च्या कायद्याने ठरावीक प्रमाणभूत क्षेत्रापेक्षा लहान तुकडे पाडायला बंदी आहे. २०२३ मध्ये शेतजमिनीसाठी हे क्षेत्र जिरायतीला २० गुंठे आणि बागायतीला १० गुंठे असे खाली आणले गेले. वाटप त्याच्या खाली जात असेल, तर तुकडा न पाडता एकाने जमीन घ्यावी आणि दुसऱ्याला तिच्या मोलाची रक्कम द्यावी, अशी रचना तडजोडीत करता येते.

न्यायालयाच्या आवारात मिळणारी मदत

पक्षकारांना एकमेकांशी बोलणेच अशक्य झाले असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८९ खाली न्यायालय प्रकरण मध्यस्थी किंवा लोकअदालतीकडे पाठवू शकते. हे कलम सध्याच्या रूपात १ जुलै २००२ पासून लागू आहे. मध्यस्थ निकाल देत नाही. तो दोन्ही बाजूंशी एकत्र आणि वेगवेगळे बोलून मार्ग काढतो. बैठकीत झालेले बोलणे गोपनीय राहते; तडजोड फसली तर ते पुढे पुरावा म्हणून वापरता येत नाही. जमल्यास करार लिहून तो न्यायालयाकडे जातो आणि त्यावरून हुकूमनामा होतो.

लोकअदालतीचा पाया विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ हा आहे. तिथल्या निवाड्याला कलम २१ खाली दिवाणी हुकूमनाम्याचा दर्जा मिळतो, त्यावर अपील होत नाही आणि त्या प्रकरणात भरलेली कोर्ट फी परत मिळते. पण लोकअदालतीलाही कोणावर निर्णय लादता येत नाही. तडजोड झाली नाही, तर प्रकरण जसेच्या तसे न्यायालयात परत जाते, हे सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये पंजाबच्या एका प्रकरणात ठासून सांगितले.

महाराष्ट्रात गावपातळीवर तंटे मिटवण्याची सरकारी मोहीमही झाली. तत्कालीन गृहमंत्री आर. आर. पाटील यांच्या पुढाकाराने १५ ऑगस्ट २००७ पासून महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम सुरू झाली. दोन शेतकऱ्यांनी बारा वर्षांहून अधिक काळ एकमेकांची जमीन कसली असेल, तर ३ जानेवारी २०२३ च्या निर्णयाने आलेल्या सलोखा योजनेत १ हजार रुपये मुद्रांक शुल्क आणि १ हजार रुपये नोंदणी शुल्कात अदलाबदलीचा दस्त करण्याची सोय झाली. अपिलातल्या पक्षकारांनी गावात किंवा अशा योजनेत वाद मिटवला, तरी ती गोष्ट अपील न्यायालयाच्या रेकॉर्डवर आणणे भाग असते.

अपील नुसते मागे घेतले तर

वाद घरी मिटला म्हणून अनेक जण कोर्टात जाऊन फक्त अपील काढून घेतात आणि तेथेच फसतात. अपील मागे घेतले की खालच्या कोर्टाचा हुकूमनामा जसाच्या तसा कायम होतो. वरच्या उदाहरणात थोरल्या भावाने घरगुती समझोत्यावर विसंबून अपील काढले आणि वर्षभराने धाकट्याने दरखास्त लावली, तर न्यायालय खालच्या कोर्टाचाच हुकूमनामा अमलात आणेल. हुकूमनाम्याबाहेर झालेली तडजोड आदेश २१, नियम २ प्रमाणे न्यायालयात नोंदवली नसेल, तर दरखास्त चालवणारे न्यायालय तिची दखल घेत नाही. ज्याच्याविरुद्ध हुकूमनामा आहे त्या ऋणकोला अशी नोंद मागण्याची मुदत केवळ ३० दिवसांची आहे. म्हणून ‘अपील मागे घेत आहोत’ आणि ‘अपील तडजोडीप्रमाणे निकाली काढावे’ या दोन विनंत्यांमध्ये मिळकतीचा प्रश्न अडकलेला असतो.

नोंदणी, मुद्रांक आणि फेरफार

स्थावर मिळकतीतला हक्क निर्माण करणाऱ्या किंवा संपवणाऱ्या कागदाची नोंदणी लागते. न्यायालयाच्या तडजोडीच्या हुकूमनाम्याला नोंदणी कायदा, १९०८ च्या कलम १७ मध्ये सूट आहे, पण ती दाव्याचा विषय असलेल्या मिळकतीपुरती. दाव्याबाहेरची मिळकत तडजोडीत आली, तर तेवढ्यापुरती नोंदणी करून घ्यावी लागते. आधीपासून असलेला हक्क मान्य करणे आणि नवा हक्क देणे यांतला फरक ‘भूपसिंग’ निवाड्याने १९९५ मध्ये पुढे आणला. खोट्या दाव्याआड विक्री लपवून नोंदणी आणि मुद्रांक चुकवण्याची वाट त्याने अडवली. खऱ्या कुटुंबातील प्रामाणिक तडजोडीकडे मात्र न्यायालये उदारपणे पाहतात. ‘काले’ प्रकरणात १९७६ साली सर्वोच्च न्यायालयाने कौटुंबिक समझोता शक्यतो टिकवावा, अशी भूमिका घेतली.

मुद्रांकाचा विषय वेगळा आहे. वाटपाचा अंतिम हुकूमनामा योग्य मुद्रांकावर काढावा लागतो. त्याशिवाय तो अमलात येत नाही. सारा आकारलेल्या शेतजमिनीचे प्रत्यक्ष वाटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत, म्हणजे व्यवहारात तहसीलदार आणि भूमी अभिलेख यांच्याकडून होते. या कामात वर्षे जाऊ शकतात. तडजोडनाम्यातच मोजणी नकाशा आणि हद्दी असतील, तर मोजणीच्या वेळी भांडायला फारसे उरत नाही.

हुकूमनाम्याची नक्कल मिळाली की तलाठी कार्यालयात फेरफाराचा अर्ज करायचा असतो. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १५० प्रमाणे नोंद धरली जाते, संबंधितांना नोटिसा जातात, हरकत आली तर तिचा निर्णय होतो आणि मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतात. सातबाऱ्यावरची नोंद मालकी निर्माण करत नाही. पण पीककर्ज, पीकविमा, अनुदान आणि पुढची खरेदी-विक्री यांसाठी तीच पाहिली जाते. हुकूमनामा पेटीत ठेवून जुना सामाईक सातबारा तसाच राहू दिला, तर पुढच्या पिढीत तोच वाद नव्याने उभा राहण्याचा धोका असतो.

कोणी शब्द मोडला तर

तडजोडीचा हुकूमनामा न पाळणाऱ्याविरुद्ध नवा दावा लागत नाही. दरखास्त मूळ दावा चालवलेल्या न्यायालयात, म्हणजे येथे चाकूरलाच, लावता येते. ताबा किंवा रक्कम मिळवण्यासाठी मुदत १२ वर्षांची असते. बांध काढून टाकण्यासारखे काम करून घ्यायचे असेल, तर ती ३ वर्षांची. रस्ता अडवू नये अशा कायम मनाईच्या अंमलबजावणीला मुदतीचे बंधन नाही. म्हणूनच रस्त्याची आणि पाळीची अट ‘सहकार्य करावे’ अशी मोघम न लिहिता ‘अडथळा करू नये’ अशी लिहिणे उपयोगाचे ठरते.

तडजोडीच्या हुकूमनाम्यावर सहसा अपील होत नाही. कलम ९६(३) ते दार बंद करते. फसवणुकीने किंवा दबावाने सही घेतली असे म्हणणाऱ्यालाही नियम ३-अ मुळे वेगळा दावा लावता येत नाही. त्याने ज्या न्यायालयाने तडजोड नोंदवली त्याच न्यायालयाकडे अर्ज करायचा असतो, असे ‘बनवारीलाल’ (१९९३) आणि ‘पुष्पादेवी भगत’ (२००६) या निवाड्यांनी सांगितले आहे. तिथे नुसता पश्चात्ताप पुरत नाही. फसवणूक नेमकी कशी झाली ते पुराव्यानिशी दाखवावे लागते. सही करण्यापूर्वीचा विचार त्यामुळे महत्त्वाचा ठरतो: गट नंबर आणि क्षेत्र तपासणे, नकाशा समजून घेणे, सर्व हिस्सेदार पक्षकार आहेत का ते पाहणे आणि रक्कम शक्यतो बँकेमार्फत देणे. एवढे झाले तर अपिलातली तडजोड बहुधा पहिल्या निकालापेक्षा अधिक काळ टिकते, कारण तिच्या अटी जमीन कसणाऱ्यांनीच ठरवलेल्या असतात.